उंब्रजवाल्याची टाकी

तात्या अंतर फुटात सांगत नसत, मैलात नाही आणि किलोमीटरात तर नाहीच. ते पाइपात सांगत. एक पाइप म्हणजे वीस फूट. संस्थेच्या ऑफिसापासून मारुतीचं देऊळ अकरा पाइप, देवळापासून चहाची टपरी तीन पाइप, माझ्या घरापासून त्यांचं घर साडेचार. कुणी परगावचा माणूस पत्ता विचारत आला आणि तात्यांच्या तावडीत सापडला की त्याला "हितनं सरळ चौदा पाइप जावा, मग डावीकडं एल्बो" असं ऐकून घ्यावं लागे. तो बिचारा कुठं पाइप दिसतात का बघत जायचा आणि थोड्या वेळानं परत येऊन मला विचारायचा. मी सेक्रेटरी असल्यामुळे तात्यांनी घातलेले घोळ निस्तरणं हे माझ्याच नोकरीत धरलेलं होतं.

पलूसच्या पुढं कृष्णाकाठी आमचं गाव. नदीचं पाणी उचलून लांबच्या माळापर्यंत नेणारी आमची पाणीपुरवठा संस्था आहे. मी तिचा सेक्रेटरी, तात्या पाटकरी. पाटकरी म्हणजे कुणाचा व्हॉल्व्ह कधी उघडायचा आणि कधी बंद करायचा हे बघणारा माणूस. उसाच्या गावात या माणसाइतक्या शिव्या कुणी खात नाही. तात्यांनी त्या मानानं कमी खाल्ल्या, कारण त्यांचा नियम एकच होता आणि तो सगळ्यांना तोंडपाठ होता. आधी टेल, मग हेड. लाइनीच्या शेवटी ज्याचं रान तो टेल, त्याची पाळी पहिली. नदीजवळ ज्याचं रान तो हेड, त्याची शेवटची. तात्यांचं स्वतःचं दीड एकर जॅकवेलला, नदीतलं पाणी उचलायच्या विहिरीला, चिकटून, म्हणजे हेडच्याही हेडला. उन्हाळ्यात त्यांचा ऊस सगळ्यांच्या मागून भिजायचा, एखाद्या पाळीला भिजायचाच नाही.

एकदा मी म्हटलं, तात्या, तुमच्या उसानं माना टाकल्यात, तासभर सोडून घ्या, कोण बघतंय. ते व्हॉल्व्हची किल्ली खांद्यावर टाकून उभे होते. म्हणाले, "सेक्रेटरी, हेडवाल्याला पाणी कवाबी मिळतंय. टेलवाल्याला दिलं तरच मिळतंय." मला हे फार आवडलं. पुढच्या वार्षिक सभेत मी ते माझ्या भाषणात माझंच म्हणून वापरलं. तात्या पहिल्या रांगेत बसून टाळ्या वाजवत होते.

गाव त्यांना बेसवाले तात्या म्हणायचं. खरं नाव आनंदा. फौजेत इंजिनिअर पलटणीत होते. पेन्शनीत निघाल्यावर एका ठेकेदारामार्फत आखातातल्या एका देशात गेले. तिथं परदेशी फौजेचा मोठा तळ आहे. त्याच्या नळांवर, गटारांवर आणि टाक्यांवर तात्यांनी अठरा वर्षं काढली. आधी फिटर, मग फोरमन. परत आले ते टोपी, स्टीलचा मग आणि "कॉपी" हा शब्द घेऊन. समजलं असं म्हणायचं असलं की ते "कॉपी" म्हणत. आमचे चेअरमन मिटिंगला बोलले की हे मागून "कॉपी" म्हणायचे, आणि चेअरमनना आपली टिंगल चाललीय असं वाटायचं.

त्या बेसचा इतिहास कुठल्या पुस्तकात नाही, जमिनीत आहे, असं तात्यांचं म्हणणं. खणत गेलं की वरून खाली वाचत जायचा. सगळ्यात वर निळा प्लॅस्टिकचा पाइप, तो गोऱ्यांचा. सहा महिन्यांसाठी आलोय म्हणून ते आले आणि तात्यांची अठरा वर्षं तिथंच गेली. त्याच्या खाली करड्या सिमेंटचा, तो तिथल्या राजाचा. राजानं काही वर्षं तिथं आपली पलटण ठेवली, पलटणीचं मन रमेना म्हटल्यावर खजुराची गोदामं केली. त्याच्याही खाली, दीड पुरुष खोल, बिडाचा काळा पाइप, तो इंग्रजांचा. दुसऱ्या महायुद्धात त्यांना हिंदुस्थानकडं येणारी विमानं मध्ये कुठंतरी उतरवून पेट्रोल भरायला जागा हवी होती, म्हणून वाळवंटात ही धावपट्टी झाली. "तीन राज्यं गेली," तात्या म्हणायचे, "पर गळती त्याच जागंला."

एकाच इमारतीचे त्यांनी पाच धंदे बघितले होते. आधी ती विमानांची शेड होती. शेजारच्या देशात लढाई पेटली तेव्हा दवाखाना झाली. मग काही दिवस तिथं कैदी होते, त्या काळात तात्यांना डोळ्यांवर पट्टी बांधून नळ दुरुस्तीला नेत आणि नळापाशी गेल्यावर सोडत. मग परागंदा झालेली माणसं आली. शेवटी व्यायामशाळा. लढाई कुठवर आली हे संडास किती वाढवायला सांगतात त्यावरून कळतं, हा त्यांचा सिद्धांत. मीटर बघून ते कुठल्या इमारतीत किती माणसं झोपतात ते सांगायचे. नवी पलटण येणार असली की साहेबांच्या आधी यांना सुगावा लागायचा. पाणी खोटं बोलत नाही, हे वाक्य मी त्यांच्या तोंडून शंभर वेळा ऐकलं असेल.

ती परागंदा माणसं आली तेव्हाची गोष्ट तात्या रंगवून सांगत. दूरचं एक राज्य दोन दिवसांत कोसळलं होतं आणि विमानं भरभरून बायका-पोरं या बेसवर आणून उतरवली जात होती. दोनशे माणसांच्या शेडमध्ये दोन हजार. वर भयंकर ऊन. पाणी तेवढंच. साहेब म्हणाला, आधी मेसची लाइन चालू कर. तात्यांनी सगळ्यात लांबच्या शेडचा व्हॉल्व्ह उघडला. साहेब अंगावर आला, तेव्हा तात्यांनी आपलं सगळं इंग्रजी गोळा करून सांगितलं, "सर, टेल फर्स्ट, हेड लास्ट." साहेबानं नकाशा मागितला, पाच मिनिटं बघितला आणि पुढचे नऊ दिवस तसंच चाललं. लांबच्या शेडमधली एक म्हातारी रोज तात्यांच्या डोक्यावर हात ठेवायची. तिची भाषा यांना कळत नव्हती, यांची तिला.

पण तात्यांचा जीव होता तो इंग्रजी काळातल्या टाकीवर. बिडाच्या लाइनीच्या तोंडाशी जमिनीत पुरलेली काँक्रीटची टाकी, भिंत हातभर जाड. गोऱ्यांनी नवी बांधल्यावर जुनी कोरडी करून झाकायचं काम यांच्याकडं आलं. शिडीनं आत उतरले, बॅटरी मारली, तर भिंतीवर ओल्या सिमेंटात खिळ्यानं कोरलेली मराठी अक्षरं. 'गणू' एवढं नाव, पुढचं खरवडून गेलेलं, आणि खाली 'मु. उंब्रज, ता. कऱ्हाड'. टाकी इंग्रजांच्या फौजेतल्या आपल्या लोकांनी बांधलेली होती. घरापासून हजारो मैलांवर, जमिनीच्या पोटात, तासाभराच्या वाटेवरचा माणूस भेटला म्हणून तात्यांनी टोपी काढली आणि बराच वेळ आत बसून राहिले.

गावी आल्यावर पहिल्याच आठवड्यात ते एसटीनं उंब्रजला गेले. दोन दिवस हायवेच्या कडेची दुकानं, हॉटेलं, तालीम, चावडी असं विचारत फिरले की तुमच्यात लढाईला गेलेला गणू कोण. उंब्रज लहान नाही, आणि गणू काय, घरटी एक असतो. एका किराणा दुकानदारानं विचारलं, आडनाव काय? तात्या म्हणाले, ते पुसलंय. वसुलीला आलाय की काय म्हणून लोक घरं बंद करायला लागले. परत येऊन मला म्हणाले, "घावला न्हाई गड्या. पर माणूस कामाचा हुता. ऐंशी वर्सं झाली, टाकीला चीर न्हाई." त्यानंतर बेसवरच्या कुठल्याही गोष्टीत ती टाकी आली की ते तिला उंब्रजवाल्याची टाकी म्हणत.

आता विकासचं सांगायला हवं. तात्यांची धाकटी बहीण हौसाक्का कवठे महांकाळच्या पुढं एका कोरड्या गावात दिलेली. नवरा लवकर गेला. एकुलता एक मुलगा विकास. अबोल पोरगा, सांगितलेलं काम मान खाली घालून करणारा. फौजेच्या भरतीत तीनदा छातीत कमी पडला. तात्यांनी त्याला आमच्याकडं आणलं, दोन वर्षं संस्थेच्या लाइनीवर हाताखाली घेतलं, फिटिंग शिकवलं, पाळी लावायला शिकवलं आणि मग जुन्या ओळखीनं बेसवर चिकटवला. हौसाक्का पाठवायला तयार नव्हती. तिला तात्यांनी माझ्यासमोर सांगितलं होतं की फौजेत नाही तर नाही, फौजेच्या नळावर तरी पोरगं राहील, आणि जगात बेसइतकी सेफ जागा नाही, तिथं माशीला आत यायचं तर पास लागतो. भावाच्या शब्दावर तिनं पोरगा सोडला. चार वर्षं सगळं नीट चाललं. गेल्या वर्षी त्याचं लग्न ठरलं, यंदाच्या वैशाखातला मुहूर्त निघाला.

आणि शिमगा होतो न होतो तोवर तिकडं लढाई लागली.

पहिल्या दिवशी टीव्हीवर आकाशात जाणारे उजेडाचे गोळे दाखवत होते. तात्या माझ्या ऑफिसात बसून ते बघत होते आणि बातमी देणाऱ्या मुलीच्या चुका काढत होते. ती म्हणे धावपट्टी उत्तरेला, हे म्हणत खोटं आहे, उत्तरेला धोबीघाट. दुसऱ्या दिवशी दुपारी विकासचा फोन आला आणि त्यांचं चुका काढणं थांबलं. विमानं बंद झाली होती. पासपोर्ट ठेकेदाराच्या कपाटात. भोंगा वाजला की गणवेशातली माणसं तळघरात जातात, आणि ठेकेदाराच्या माणसांना पत्र्याच्या खोल्यांत पालथं पडायला सांगितलंय, कारण तळघरातल्या जागा मोजून आहेत आणि त्या मोजणीत ही माणसं नाहीत. हे विकासनं तक्रार म्हणून सांगितलं नाही, हवापाणी सांगावं तसं सांगितलं. तात्या फोन ठेवून म्हणाले, "अठरा वर्सं त्येंचे संडास धुतले आमी." एवढंच, आणि बाहेर गेले.

तासाभरानं बघतो तर ऑफिससमोरच्या पत्र्याच्या शेडमध्ये तात्या वाळू पसरत होते. फौजेत हल्ल्याआधी जमिनीवर मुलखाचं मॉडेल करतात, तसं ते बेसचं करायला बसले होते. वाळवंटाला नदीची वाळू, रस्त्यांना विटांची भुकटी, धावपट्टीला गुऱ्हाळातली राख, इमारतींना काड्यापेट्या, पाण्याच्या लाइनींना कपड्याची नीळ. तीन दिवस खपत होते. प्रत्येक काड्यापेटीवर नंबर. मला आधी हसू आलं, खरं सांगतो. एवढा मोठा बाप्या वाळूत खेळतोय असं मी चेअरमनना म्हणालोसुद्धा. पण मग हौसाक्का कवठ्याहून आली, भावाकडंच राहायला लागली. रोज सकाळी ती त्या मॉडेलपाशी येऊन बसायची आणि तात्या काठीनं दाखवायचे, हे जेवायचं, हे कामाचं, ही विकासची खोली. ती त्या काड्यापेटीकडं बघत बसायची. मग मला हसू आलं नाही.

चौथ्या दिवशी तात्यांची काठी मॉडेलवर फिरता फिरता एका जागी थांबली. विकासच्या खोलीपासून चार पाइपांवर. तिथं काड्यापेटी नव्हती, नुसती वाळू होती. ते मला म्हणाले, सेक्रेटरी, विकासला फोन लाव.

उंब्रजवाल्याची टाकी. कुणाच्याच ध्यानात नव्हती, नकाशावरूनही गेली होती. तात्यांनी फोनवर त्याला खुणा सांगितल्या. जुन्या पंपघराची कोपऱ्यातली भिंत धर, तिथनं मावळतीला चार पाइप, वाळू दोन हात काढ, लोखंडी झाकण लागेल. दुसऱ्या दिवशी विकासनं सापडल्याचं सांगितलं. तात्यांनी लगेच लिटरांवरून माणसांचा हिशेब केला, मांडीला मांडी लावून चाळीस. भिंतीवरचं नाव बघितलंस का, हे विचारायलाही ते विसरले नाहीत. विकासनं बघितलं होतं.

तेव्हाच त्यानं तो प्रश्न विचारला. हौसाक्का देवळात गेली होती. शेडमध्ये तात्या आणि मी दोघंच, आणि तात्यांना कमी ऐकू येतं म्हणून फोन मोठ्या आवाजात. विकास म्हणाला, "मामा, मला सोडून माणसं अडतीस हायती आन् शिडी एकच. भोंग्याला समदी एकदम आली तर एकमेकाच्या अंगावर पडतील. आधी कुणी उतरायचं?"

तात्यांनी क्षणभरही विचार केला नाही. "आधी टेल. लांबच्या खोल्यांची माणसं पयली. तुजी खोली हेडला हाय, तू झाकण धरून उभा ऱ्हा. समदी आत गेली की मग तू."

"व्हय मामा."

मी शेजारी बसून सभेची नोटीस लिहीत होतो. मला त्यात काही चुकीचं वाटलं नाही. उलट या घरचं वळणच असं, असं मनात आलं आणि बरं वाटलं.

सात वेळा भोंगा वाजला. सातही वेळा विकास सगळ्यांच्या आधी टाकीशी पोचला, झाकण उघडून उभा राहिला, सगळे उतरल्यावर शेवटी उतरला आणि आतून झाकण ओढून घेतलं. बहुतेक भोंगे तिकडच्या दिवेलागणीला वाजत, आमच्याकडं तेव्हा जेवणं चाललेली असायची. त्याचा फोन येईपर्यंत तात्या ताटावर बसत नसत. फोन आला की म्हणत, "कॉपी." हौसाक्काही म्हणायला शिकली. अडतीस माणसांत नेपाळी होते, बंगाली होते, केरळातला एक फोरमन होता, आणि त्यांच्या घरचे लोक विकासच्या मामाला दुवा देतात असं तो फोरमन सांगायचा. तात्यांचा ताठा थोडा परत आला. टीव्हीवरच्या मुलीच्या चुका पुन्हा काढायला लागले.

आठव्या वेळेला विकासचा फोन आला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी फोरमनचा आला. मी ऑफिसचं कुलूप काढत होतो, तात्या शेडमध्ये होते, फोन मोठ्या आवाजात. फोरमन हिंदीत बोलत होता, सावकाश, पाठ करून आल्यासारखा. बेसवर काही पडलंच नव्हतं. बेसच्या लोकांनी येणारं अस्त्र वरच्या वर फोडलं, त्याचे तुकडे खाली आले. सदतीस माणसं आत होती. एक नेपाळी मुलगा शिडीच्या पहिल्या पायरीवर होता, तोही वाचला. विकास झाकण धरून उभा होता. टाकीला ओरखडाही गेला नाही, हे फोरमननं दोनदा सांगितलं. तात्यांना त्याचं समाधान वाटेल असं त्याला वाटलं असावं.

तात्यांनी फोन माझ्या हातात दिला. मॉडेलच्या कडेला उकिडवे बसले. माणसं यायला लागली नव्हती अजून. माझ्याकडं न बघता बोलायला लागले. "लांबची माणसं पळत यायला तीन मिंटं लागत्यात सेक्रेटरी. तवर शिडी मोकळीच हुती. विकास त्या तीन मिंटात उतरून आत बसला असता. कुणाचं काय गेलं असतं? कुणाचीच पाळी चुकली नसती." निळीच्या रेघेवर बोट ठेवलं. "हेडवाल्यानं पाणी घेतलं तर टेलचं कमी हुतंय. माणूस आत उतरला तर कुणाचं काय कमी हुतंय? पाण्याचा नेम म्या माणसांना लावला. आन् त्यो पोरगा, त्येनंबी इचारलं न्हाई."

मला हेच आदल्या आठवड्यात, नोटीस लिहिता लिहिता, सुचायला हवं होतं. मी शिकलेला माणूस. मला सुचलं नाही, एवढंच खरं.

नंतरचे दिवस सांगण्यात अर्थ नाही. विमानं बंद होती त्यामुळे विकासला आणता येईना. मी कलेक्टर ऑफिसला गेलो, आमदारांकडं गेलो, ठेकेदाराच्या मुंबईच्या ऑफिसला रोज फोन केला. सगळे चांगलं बोलले. आकाश उघडलं की बघू म्हणाले. आकाश कुणी उघडायचं ते कुणालाच माहीत नव्हतं. आमच्या पिढीनं एवढं सगळं जमवलं, नदी उचलून माळावर नेली, आणि एक पोरगं घरी आणता येत नव्हतं.

बाराव्या दिवशी सकाळची गोष्ट. हौसाक्का शेडमध्ये आली. त्या दिवसापासून ती मॉडेलकडं फिरकली नव्हती. हातात चहाची किटली होती, भाऊ घरात काही खात-पीत नाही म्हणून इथं घेऊन आलेली. तात्या भिंतीला टेकून बसले होते. मी टेबलाशी. तिनं खाली बसून विचारलं, "दादा, आता कुठं हाय त्यो?"

तात्यांनी काठी उचलली नाही. वाळूत गुडघे टेकून पुढं झाले आणि दवाखान्यामागच्या एका काड्यापेटीवर बोट ठेवलं. त्या इमारतीचं ते कधी काही सांगत नसत, कुणी विचारलं तर पुढच्या इमारतीवर जात. का, ते मला आत्ता कळलं.

"तितं काय हाय?"

"गार खोली हाय. तिची लाइन मीच टाकलीय."

"लय गार असतंय?"

किती गार असतं हे तात्यांना आकड्यात माहीत होतं. ते म्हणाले, "बेताचं."

"अंगावर कायतर घालत्यात का?"

"घालत्यात. जाड असतंय, पांढरं."

तिनं मान हलवली. पदरानं तोंड पुसलं. फोरमननं तिलाही फोन केला होता. पोरगा कसा उभा होता, कितीजण आत गेले, सगळं त्यानं भलेपणानं सांगितलं होतं. तिच्या मनात तेच घोळत असणार. कारण मग ती म्हणाली, "दादा, त्येला शेवटाला कुणी उभा केला? गरीब हाय, बोलत न्हाई म्हून केला आसंल. कोण हुता त्यो?"

"मी," तात्या म्हणाले.

तिला ऐकू गेलं नाही असं वाटून ते पुन्हा म्हणाले, "मीच सांगितलं हौसा. फोनवर. तू देवळात गेली हुतीस."

हौसाक्कानं भावाकडं बघितलं. त्यांची दाढी वाढली होती, डोळे आत गेले होते, गुडघ्यांना वाळू लागलेली. तिनं त्यांच्या पाठीवर हात ठेवला आणि लहान पोराला समजवावं तशी बोलली. "तू हितं हुतास दादा. एवढ्या लांबनं तू काय करणार? उगं सवताला लावून घिऊ नगंस. दोन घोट च्या पी." आणि माझ्याकडं वळली. "आवं सेक्रेटरी, तुमी तर रोज हितंच असता. तुमी तरी सांगा ह्येला."

तात्यांनी माझ्याकडं बघितलं. फोनच्या त्या दिवशी शेडमध्ये आम्हा दोघांखेरीज तिसरं कुणी नव्हतं. मी खरं बोलावं म्हणून ते बघत होते, आणि मी ते बोलेन अशी त्यांना खात्रीही होती.

मी म्हणालो, "हो. तात्या इथंच होते."

तात्यांनी माझ्यावरची नजर काढून घेतली. बहिणीनं कपात चहा ओतला, त्यांनी तो दोन्ही हातांनी धरला आणि ती बघत होती म्हणून प्यायला सुरुवात केली.